गाडी वळायला जागा

नोकरीची शेवटची अडीच वर्षं मी लाल गाडीच्या सगळ्यात आखूड फेरीवर काढली. बीडहून निघायचं, पाली, मांजरसुंबा करत लिंबागणेशला जायचं, गाडी वळवायची आणि परत. सकाळी एकदा, संध्याकाळी एकदा. त्याआधी सव्वीस वर्षं मी लांब पल्ल्याचा ड्रायव्हर होतो. पुणं, मुंबई, नागपूर. कंबरेनं दगा दिला, डॉक्टरांनी क्ष-किरणाचा फोटो उजेडावर धरून दाखवला आणि म्हणाले, आता जवळपासचं काहीतरी मागून घ्या. मागितलं. मिळालं. पण मनातून मी खट्टू झालो होतो, हे खरं आहे.

लांब पल्ल्याच्या ड्रायव्हरला एक तोरा असतो. डेपोत कोणी विचारलं, 'आज कुठं?' की 'मुंबई' असं नुसतं म्हणायचं आणि पुढं चालायचं. पुण्याचे किती रस्ते माझ्या डोळ्यांदेखत बदलले. एका चौकात उड्डाणपूल उभा राहताना मी कित्येक महिने त्याच्या पत्र्यांच्या कडेनं गाडी काढली. मग पूल झाला, त्याच्यावरून गेलो. काही वर्षांनी तोच पूल पाडताना पुन्हा पत्र्यांच्या कडेनं गेलो, कारण आता तिथं मेट्रोचे खांब यायचे होते. आमचं बीडही बदललं. पूर्वी बिंदुसरेला पाणी आलं की गावातला पूल बंद व्हायचा आणि अलीकडची गाडी अलीकडं, पलीकडची पलीकडं. आता बाहेरून मोठा हायवे गेला, मांजरसुंब्याचा घाट रुंद झाला, आणि ज्या रेल्वेची गोष्ट आमचे आजोबा करायचे ती रेल्वेसुद्धा बीडला पोचली. हे सगळं मी बघितलं, पण काचेतून. रस्ता कोणी मागितला, कोणी जागा दिली, किती दिवस लागले, हे ड्रायव्हरला कळत नाही. त्याला तयार रस्ता मिळतो.

खरं तर मला कळायला पाहिजे होतं. माझे वडील रस्त्याच्या गँगवर होते. धारूरच्या घाटात खड्डे बुजवणं, गटारं मोकळी करणं, पावसात दगड खाली आले की ते बाजूला करणं हे त्यांचं काम. जेवणाचा डबा घेऊन मी घाटात जायचो. वडील वाकलेले असायचे आणि एखादी गाडी हॉर्न वाजवत जायची. ड्रायव्हर कधी हात करायचा, कधी नाही. मी मात्र ड्रायव्हरकडंच बघायचो.

तर ही आखूड फेरी. माझ्याबरोबर वाहक म्हणून पालीची एक बाई होती. वय पस्तिशीचं, बोलायला मोकळी, मला काका म्हणायची. तिला प्रत्येक उतारूची खबर असायची. कोणाची म्हैस व्याली, कोणाची सून माहेरी गेली, कोणाला बीडच्या दवाखान्यात कितव्या मजल्यावर ठेवलंय. सुरुवातीला मला त्याचा त्रास व्हायचा. लांब पल्ल्यावर उतारू म्हणजे नुसती आकडेवारी असते, सीट नंबर. इथं एखादा म्हातारा दिसला नाही तर ती मला म्हणायची, "काका, जरा थांबा, ते येतेत," आणि मी चरफडत थांबायचो.

लिंबागणेशला आम्ही सकाळी पावणेदहाच्या सुमाराला पोचायचो. गावाबाहेरच्या मोकळ्या मैदानात गाडी वळवायची आणि दहा मिनिटं चहा. त्याच वेळेला बाजूच्या रस्त्यानं सात-आठ मुली चालत यायच्या. निळे पंजाबी ड्रेस, पाठीवर दप्तरं. मैदानाच्या कडेला हातपंप होता. एक मुलगी दांडा हापसायची आणि बाकीच्या पाय धुवायच्या, मग तिची पाळी. पाय धुऊन, चपला आपटून त्या शाळेत जायच्या. कोणत्या वस्तीवरून येतात, किती चालतात, हे मी विचारलं नव्हतं.

श्रावणातल्या एका सकाळी त्यांच्याबरोबर एक बाई आली. रात्री पाऊस झाला होता, वाटेतल्या ओढ्याचं पाणी पुलावरून वाहत होतं, म्हणून ती मुलींना पार करून द्यायला आली होती. साडी पोटरीपर्यंत खोचलेली, हातात काठी. मुली पाय धूत होत्या तेवढ्यात ती चहाच्या टपरीजवळ आली आणि सरळ मला म्हणाली, "डायवरसाब, एक विचारू का?"

"विचार की."

"ही गाडी आमच्या वस्तीवर कावून येत न्हाई?"

"कुठली वस्ती?"

तिनं काठीनं रस्ता दाखवला. "चार किलोमीटर हाय. डांबरी झालाय रस्ता. तीन वर्षं झाली."

मी चहाचा घोट घेतला आणि म्हणालो, "रस्ता असंल. पण गाडी वळायला जागा न्हाई तुमच्याकडं."

मी त्या वस्तीवर जन्मात गेलो नव्हतो. तिथं जागा आहे का नाही, मला काय ठाऊक? पण असं कोणी विचारलं की आम्ही ड्रायव्हर लोक हेच उत्तर देत आलो होतो. लोक मान हलवतात आणि जातात. ही बाई गेली नाही.

"किती जागा लागती?"

"लई लागती."

"लई म्हंजी किती?"

आता मी तिच्याकडं बघितलं. ती माझी टिंगल करत नव्हती. तिला खरोखर आकडा पाहिजे होता. आणि माझ्याकडं आकडा नव्हता. सत्तावीस-अठ्ठावीस वर्षं गाडी वळवली, पण ती किती जागेत वळते हे मी कधी मोजलं नव्हतं. हाताला माहीत होतं, तोंडाला माहीत नव्हतं.

वाहक बाई हसायला लागली. "सांगा की काका."

मैदान ओलं होतं. मी नुकतीच गाडी वळवली होती आणि चाकांचे ठसे चिखलात स्वच्छ उमटले होते. त्या बाईनं ते माझ्याआधी बघितले. ती मैदानात उतरली, बाहेरच्या चाकाच्या ठशापाशी उभी राहिली आणि समोरच्या ठशापर्यंत पावलं टाकत सरळ चालत गेली. ओठ हलत होते. परत आली.

"तीस पावलं," ती म्हणाली. "माझी. तुमची असली तर कमी."

मी टपरीवरून उठलो. का कोण जाणे, मला वाटलं की हिला अर्धवट सांगून चालणार नाही. मी तिच्याजवळ गेलो आणि दाखवलं, की चाक इथून जातं, पण गाडीचं तोंड चाकाच्या पुढं असतं, ते आणखी बाहेरून फिरतं. "म्हणून दोन्ही बाजूला दोन-दोन पावलं जास्त धर. आणि जमीन टणक पाहिजे. वरून तार लोंबती नको, फांदी नको."

"म्हंजी चौतीस," ती म्हणाली. "बरं." आणि काठी टेकत निघून गेली.

परतीच्या वाटेवर वाहक बाई म्हणाली, "काका, आता ती जागा करती बघा."

"बसंल करत."

"तुमी तिला ओळखत न्हाई. ऊसतोडीला जाती ती नवऱ्याबरोबर. दरसाल. मोठ्या पोरीची शाळा त्याच्यात सुटली. ही धाकली नववीला हाय. हिची सुटू द्यायची न्हाई, असं तिनं धरलंय. पण आई-बाप कारखान्यावर गेल्यावर एकट्या पोरीला त्या रस्त्यानं कोण चालत पाठवील? चुलती हाय घरी, पण ती म्हणती, मी जिम्मा घेत न्हाई."

घाट उतरताना उजव्या हाताला धरणाचं पाणी दिसत होतं, तिकडं बघत राहिलो.

पंधरा-वीस दिवसांनी ती पुन्हा मैदानात उभी होती. "जागा झाली, डायवरसाब. बघायला या."

मला सुट्टीच्या दिवशी जावं लागणार होतं. माझी बायको म्हणाली, कंबरेला पट्टा बांधून मोटरसायकल चालवायची म्हणजे कमाल आहे. पण ती बडबडत मागं बसली. मला एकट्याला सोडायला तिचा जीव धजेना.

रस्ता बरा होता. ओढ्यावर नळ्यांचा पूल होता, त्याची रुंदी मी उतरून पायांनी मोजली. गाडी जाईल, जपून जाईल. पुढं दोन्हीकडच्या बाभळींच्या फांद्या नुकत्याच तोडलेल्या दिसल्या. तोडीचे घाव अजून पांढरे होते. बायकोनं मागून विचारलं, "हे कोणी केलं?" मी म्हणालो, "त्याच बाईनं असंल." आणि खरंच, वस्तीवर गेल्यावर कळलं की आठ-दहा बायकांनी मिळून कोयत्यांनी एका दिवसात ते सगळं छाटलं होतं. ऊस तोडणाऱ्या हातांना बाभळीचं काय कौतुक.

वस्ती चाळीस-एक घरांची. पत्र्याची घरं, चौथीपर्यंतची शाळा, आणि शाळेच्या पुढं रस्ता संपत होता. डाव्या हाताला गायरानाचा तुकडा. त्यातले दगड वेचून बायकांनी कडेला रचले होते, खड्ड्यांत मुरूम भरला होता आणि त्याच्यावरून बैलगाडी फिरवून तो दाबला होता. उजव्या हाताला बांध, आणि बांधापलीकडं कमरेएवढी तूर.

मी पावलं मोजली. तिनं माझ्याबरोबर चालून मोजली. जिथं बांध लागला तिथं आम्ही थांबलो.

"सात कमी पडतेत," ती म्हणाली. तिला ते आधीच माहीत होतं. "हे रान आबांचं हाय."

आबांचं घर तिथंच होतं. स्लॅबचं, पुढं लिंबाखाली दोन खुर्च्या. आबा म्हणजे त्या भागातले मोठे शेतकरी. एके काळी पंचायत समितीवर दोनदा निवडून आलेले. आता वय ऐंशीच्या घरात, पण पांढरे कपडे इस्त्रीचे आणि आवाज सभेतला. त्यांनी मला खुर्ची दिली, माझ्या बायकोला आत पाठवलं. ती बाई बांधाशीच उभी राहिली.

मी विषय काढायच्या आधीच आबा म्हणाले, "गाडी यायची न्हाई."

"का बरं, आबा?"

"मी आणली नसती का? पंधरा वर्षं अर्ज दिले. माझ्या शब्दावर लिंबागणेशपर्यंत गाडी आली. आधी तिथंबी येत नव्हती. आमच्या वडलांच्या काळात बीडला जायचं तर बैलांची दमणी जुंपायची, पहाटं निघालं की दुपार व्हायची. मग त्या खाजगी सर्व्हिस गाड्या आल्या, टपावर माणसं बसायची. मग लाल गाडी. मग काळ्या-पिवळ्या जीपा. ह्या वस्तीवर मातर जीपबी धड आली न्हाई. मी सभापतीला सांगितलं, आमदाराला सांगितलं. दर वेळी एकच. वळायला जागा न्हाई."

त्यांना ते उत्तर कोण देत होतं? माझ्यासारखाच कोणीतरी, चहा पिताना.

"आबा, सात पावलं पाहिजेत. तुमच्या रानातली. तेवढ्यावर होतं."

आबांनी बांधाकडं बघितलं, त्या बाईकडं बघितलं. "तिनं मला इचारलंय. मी न्हाई म्हणालोय. माझी तूर मोडायची, बांध फोडायचा, आणि गाडी यायचीच न्हाई. मग लोक हसतील कुणाला? मला."

त्यांच्या नकारात जमिनीचा लोभ नव्हता. जे आपल्याला भर उमेदीत जमलं नाही ते एका ऊसतोडणीच्या बाईला जमेल, हे त्यांना खरं वाटत नव्हतं. चहा पिऊन आम्ही उठलो. निघताना ती बाई म्हणाली, "तुमी अर्ज कसा लिवायचा ते सांगा. सात पावलांचं बघू मागून."

ग्रामसभेचा ठराव झाला. शाळेच्या मुख्याध्यापकांनी मुलींच्या नावांची यादी जोडून पत्र दिलं. मी स्वतः डेपोत साहेबांना भेटलो. साहेब भला माणूस होता. म्हणाला, "मामा, गाड्या मोजक्या आणि मागण्या ढीगभर. पण तुमची फेरी तिथं दहा मिनिटं उभीच असते, हे मला पटतं. रस्ता पास झाला तर मी फेरी वाढवतो. मात्र तपासणी कडक होईल. पोरं-बाळं असलेल्या वस्तीत गाडी पाच वेळा मागंपुढं करून वळवायची, हे चालणार नाही."

दसऱ्याच्या आधी तपासणीचा दिवस ठरला. तपासनीस माझ्या गाडीतून आले. हातात फाईल, कमी बोलणारे. ओढ्याच्या पुलावर त्यांनी मला थांबवलं, खाली उतरून बघितलं, फाईलमध्ये काही लिहिलं. तोडलेल्या फांद्या बघितल्या, विजेच्या तारेची उंची बघितली, लिहिलं. तोपर्यंत सगळं बरं चाललं होतं.

वस्तीवर आम्ही पोचलो तर अख्खी वस्ती रस्त्यावर. कोणी तरी आंब्याच्या पानांचं तोरण करून ठेवलं होतं. बायका डोक्यावर पदर घेऊन शाळेच्या भिंतीला लागून उभ्या. आबा आपल्या लिंबाखाली, खुर्चीत. बांध होता तिथंच होता.

मी गाडी गायरानात घातली. स्टेअरिंग पूर्ण मारलं. गाडीचं तोंड फिरत फिरत बांधाशी आलं आणि थांबलं. वाहक बाई खाली उतरली, मागं जाऊन शिट्टी वाजवायला लागली. "येऊ द्या, येऊ द्या!" मी मागं घेतली. पुन्हा पुढं. पुन्हा बांध. पुन्हा मागं. तिसऱ्या वेळी मागचं चाक मुरूम सोडून मऊ मातीत उतरलं आणि जरा रुतलं. मी ते काढलं, पण माझ्या कपाळावरून घाम वाहत होता आणि कंबरेत कळ आली होती. इतक्या वर्षांत मी गाडी इतकी वाईट कधीच वळवली नव्हती, आणि ते सगळी वस्ती बघत होती.

तपासनीस माझ्या खिडकीखाली आले. हळूच म्हणाले, "मामा, राहू द्या. बसत नाही. मी 'तूर्त अयोग्य' असं लिहितो. जागा वाढवली तर पुढच्या वर्षी पुन्हा बघू."

मी काही बोलायच्या आत ती बाई पुढं आली होती. तिनं ते ऐकलं. ती रडली नाही, भांडली नाही. "पुढच्या वर्षी पोरगी दहावीला जाती, साहेब," एवढंच म्हणाली.

तेवढ्यात आबा खुर्चीतून उठले. मला आरशात दिसलं. काठी टेकत, सावकाश, ते गाडीच्या पुढं येऊन उभे राहिले. गाडीच्या तोंडाला हात लावला, जसा जनावराला लावतात तसा. मग माझ्याकडं बघून म्हणाले, "डायवर, माझ्या रानातून घे."

"आबा, तूर मोडंल."

"मोडू दे. दारात आलेली गाडी माघारी पाठवायची व्हय?"

"बांध हाय मधी."

आबांनी मागं वळून आवाज दिला. तो आवाज मात्र अजून सभापतींना सांगणाऱ्या माणसाचा होता. "बघत काय बसलाव रे? खोरी आणा!"

गडी धावले. बायका त्यांच्याआधी धावल्या. खोरी, टिकाव, पाट्या. बांध फार उंच नव्हता. अर्ध्या तासात सात-आठ पावलांचा बांध सपाट झाला, दगड बाजूला, माती दाबलेली. तपासनीस घड्याळ बघत होते, पण निघू या असं काही म्हणाले नाहीत. उलट शाळेच्या पायरीवर बसून त्यांनी कोणीतरी दिलेला चहा घेतला.

मी गाडी पुन्हा सुरुवातीच्या जागी घेतली. वाहक बाईनं पोरांना भिंतीपाशी उभं केलं आणि शिट्टी दिली. मी स्टेअरिंग पूर्ण मारलं आणि सोडलं नाही. गायरान संपलं, बांधाची जागा आली, आणि पुढची चाकं तुरीत शिरली. गाडीच्या पोटाखाली फांद्या मोडल्याचा आवाज मला ऐकू येत होता. खेड्यात वाढलेला माणूस आहे मी, तो आवाज बरा वाटत नाही. पण हात थांबवला नाही. तूर काचेसमोरून बाजूला गेली, मग आबांचं घर आलं, मग शाळा, मग रस्ता. एका दमात. गाडीचं तोंड लिंबागणेशकडं झालं होतं.

मग एका म्हातारीनं दोन्ही हातांनी गाडीची दृष्ट काढून बोटं कानशिलावर मोडली, आणि सगळीकडं एकदम गलका झाला.

मी खाली उतरलो. आबा मोडलेल्या तुरीकडं बघत उभे होते. मी त्यांच्याशेजारी गेलो. ते म्हणाले, "एवढीच लागती व्हय जागा?"

"एवढीच."

"पंधरा वर्षं मला सांगितलं, जागा न्हाई. मी एकदाबी इचारलं न्हाई, किती लागती म्हणून." त्यांनी काठीनं त्या बाईकडं दाखवलं. "हिनं इचारलं."

मला त्यांना सांगायचं होतं की ते उत्तर देणारा मीपण होतो. सांगितलं नाही तेव्हा. पुढं कधीतरी सांगितलं, तर ते नुसते हसले.

मंजुरी यायला दिवाळी उलटली. तेवढ्यात ऊसतोडीचे ट्रॅक्टर लिंबागणेशच्या फाट्यावर उभे राहायला लागले होते. दरसाल माणसं डोक्यावर भांडी-कुंडी घेऊन चार किलोमीटर चालत फाट्यावर जायची. त्या वर्षी आमच्या फेरीचा तिसरा दिवस होता, आणि वस्तीवरून पहिल्यांदा अख्खी टोळी गाडीनं फाट्यावर निघाली. टपावर गाठोडी, आत माणसं, एक शेळीही होती. वाहक बाईनं शेळीकडं बघून न बघितल्यासारखं केलं. ती बाईपण होती, नवऱ्याबरोबर. तिची धाकटी पुढच्या सीटवर, शाळेच्या ड्रेसमध्ये.

फाट्यावर सगळे उतरले. आई उतरताना मुलीला म्हणाली, "चुलतीचं ऐकायचं. गाडी चुकवायची न्हाई." मग माझ्याकडं वळून, "बघा हं डायवरसाब."

"बघतो," मी म्हणालो.

ट्रॅक्टर सुटेपर्यंत मुलगी खिडकीतून बघत राहिली. मग तिनं डोळे पुसले, दप्तर उघडलं आणि कसली तरी वही काढून वाचायला लागली. तिला वाचायचं नव्हतं, पण मैत्रिणी बघत होत्या. शाळा पुढंच होती. मी गाडी थेट शाळेच्या फाटकापर्यंत नेली, नियमात बसत नव्हतं तरी.

त्या हिवाळ्यात एकही मुलगी गळाली नाही. उलट दोघी वाढल्या. एकीची शाळा सातवीनंतर सुटली होती, तिला तिच्या बापानं पुन्हा घातली. संध्याकाळच्या फेरीला बायका बीडहून दळण, औषधं, एकदा तर नवी शिलाई मशीन घेऊन यायला लागल्या. मी सगळ्यांची नावं पाठ केली. वाहक बाई म्हणायची, "काका, आता तुमीच थांबाय लागलाव, मी न्हाई."

वैशाखात माझी नोकरी संपली. डेपोत हार-तुरे झाले, नारळ मिळाला. घरी आलो आणि पहिले पंधरा दिवस सकाळी साडेसातला उगीचच बूट घालून बसायचो.

पुढच्या जानेवारीत आबांनी हुरड्याला बोलावलं. मी आणि बायको त्याच गाडीनं गेलो, उतारू म्हणून. ड्रायव्हर केजकडचा तरुण होता, हात चांगला. शेकोटीभोवती सगळी वस्ती नव्हती. निम्मी माणसं ऊसतोडीला गेली होती. पण म्हाताऱ्या होत्या, चुलती होती, आणि ती मुलगी होती. आता दहावीला. तिनं फोन लावून माझ्या हातात दिला. पलीकडून कारखान्याच्या फडातला वारा ऐकू येत होता.

"डायवरसाब, कसे हाव?"

"बरा हाय ताई. हुरडा खातोय."

"खावा, खावा. एक सांगायचं होतं. दहावी झाल्यावर पोरगी बीडला कॉलेजला जाईल. कॉलेज साडेआठला भरतंय म्हणं. आपली गाडी लई उशिरा पोचती. सातला निघंल अशी करता ईल का?"

मी म्हणालो, "ताई, मी रिटायर झालो. माझ्या हातात काय हाय आता?"

"गाडी तुमच्या हातात न्हाई. पण साहेब वळखीचे हायेत न्हवं? अन् अर्ज कसा लिवायचा ते तुमाला म्हाईत हाय."

आबा हसले, इतके की त्यांना ठसका लागला. मी मुलीला म्हणालो, कागद आण, मी सांगतो काय लिहायचं. तिनं दप्तरातून वही काढली, मधलं पान नीट फाडलं, आणि माझ्याकडं न देता आपल्याच मांडीवर धरलं.

"सांगा," ती म्हणाली. "वरती काय लिहू?"